न धुतलेलं लुगडं

१

“माणसाले पाय पसराले जागा नाही, अन् या लुगड्यांले कपाट पायजे,” चंद्रभान कपाटात डोकं खुपसून पुटपुटत होता. “तीनतीन वर्षं पडून राह्यतेत आरामात. ना भाडं, ना कटकट.”

यमुताई त्याच्या इतक्या जवळ उभ्या होत्या की कुरकुरीसोबत त्याच्या तंबाखूचा वासही त्यांच्या वाट्याला आला. वरच्या कोर्टाची ती मुद्देमालाची खोली म्हणजे दोन कपाटं आणि त्यांच्यामधली एक फट. त्या फटीत चंद्रभान कारकुनाची बावीस वर्षं गेली होती. सरकारी वकील मधुकरराव दम्यामुळे धुळीत शिरत नसत. ते दारातल्या खुर्चीवर नाकाला रुमाल लावून बसले होते. काय पाहायचं ते त्यांनी आपल्या टायपिस्टबाईंना, यमुताईंना, आधीच सांगून ठेवलं होतं. रंग कोणता, काठ कसा, कुठे फाटलंय का. एवढंच टिपून घ्या, सोमवारी सुनावणी आहे.

चंद्रभानने गाठोडं टेबलावर ठेवलं, लाख फोडली, वहीवर सही घेतली. यमुताईंनी आतलं जांभळं लुगडं उचललं आणि घडी उलगडली.

लुगडं करकरलं.

त्यांनी ते नाकाशी नेलं. तीन वर्षांच्या कोंदट वासाखालून दुसरा एक वास आला. तांदळाच्या खळीचा, त्यांच्या बापाच्या मागाचा, लहानपणच्या अंगणाचा. त्यांनी काठ उजेडात धरला. दोन्ही बाजूंना ओळीने बारीक भोकं होती, सुईच्या टोकाएवढी. विणताना कापड ताणून धरायला जी काठी लावतात, तिच्या टाचण्यांची.

मग त्यांनी पदराच्या टोकाचे पिवळे धागे बोटाने मोजले. दोन होते.

“फाटलंय का?” दारातून मधुकररावांनी विचारलं.

“नाही.” त्या हळूच म्हणाल्या, “पण साहेब, हे लुगडं आजवर कुणी नेसलेलंच नाही.”

२

गोपिकाची गोष्ट कोर्टाच्या कागदांत एकशे बारा पानांची होती. गल्लीत ती दोन शब्दांची होती: ‘तो प्रकार’.

गोळीबार चौकामागच्या विणकरांच्या गल्लीतली ही मुलगी. वय बावीस. बाप शालिकराम मागावर बसायचा, आई मैनाबाई चरख्यावर सुताच्या कांड्या भरायची. पंचाहत्तर सालच्या आषाढात गोपिका सुताच्या डेपोवर सूत आणायला गेली. डेपो सांभाळणाऱ्या ओमप्रकाशने आतून दार लावलं. दोन दिवसांनी शालिकरामने पोलिसांत वर्दी दिली. खालच्या कोर्टाने मुलीच्या शब्दावर विश्वास ठेवून ओमप्रकाशला सात वर्षं दिली. त्याने वर अपील केलं, जामीन मिळवला, आणि अठ्ठ्याहत्तर सालच्या जानेवारीत तो सायकलवरून त्याच गल्लीतून घंटी वाजवत फिरत होता. अपील त्याच्या बाजूने लागलं तर डेपोची किल्लीही परत त्याच्याच हातात यायची होती, आणि अख्ख्या गल्लीचं सूत त्या एका दारातून येत होतं.

वर्दी, फिर्याद, साक्ष, निकाल. सगळीकडे ‘तो प्रकार’, ‘सदर घटना’, ‘वाईट वागणूक’ असं लिहिलेलं. टाइप करताना यमुताईंना वाटायचं, मराठी भाषेत एवढे शब्द असून या एका ठिकाणी सगळ्यांची शाई कशी काय वाळते. त्यांनी स्वतःही तेच टाइप केलं होतं, म्हणून फार बोलायची सोय नव्हती.

मधुकररावांनी धंतोलीच्या आपल्या ऑफिसात चहा ओतता ओतता त्यांना अडचण समजावून सांगितली. खालच्या जजने गोपिका डोळ्यांनी पाहिली होती. कुठे अडखळते, कुठे रडते, कुठे मान वर करून बोलते, हे पाहून त्याने तिला खरी मानली. वरचे दोन जज तिला पाहणार नाहीत, त्यांच्यासमोर फक्त कागद. मुलीचा शब्द त्यांनाही चालतो, पण कागदावरच्या शब्दाला ते आधार शोधतात. शरीरावर जखम आहे का, कपडा फाटलाय का, लगेच कुणाला सांगितलं का. इथे डॉक्टरने तपासलं तिसऱ्या दिवशी, जखम नाही. तपासणीच्या रिपोर्टात लुगड्यावर डाग नाही. वर्दी दोन दिवस उशिरा. आईची साक्ष अशी की दोन दिवस तिला कशाचा पत्ताच नव्हता. आणि सगळ्यात वाईट म्हणजे हे पान.

यमुताईंनी ते पान स्वतः टाइप केलं होतं. उलटतपासणीत गोपिका म्हणाली होती, जांभळं लुगडं, दोन वर्षं नेसत होते, त्या दिवशी ते पदरापाशी फाटलं. मग आरोपीच्या वकिलाने मुद्देमाल उघडून अख्खं लुगडं तिच्यापुढे पसरलं आणि विचारलं, दाखव, कुठे फाटलं? खाली लिहिलं होतं: साक्षीदार गप्प राहते.

“या एका ओळीवर तो सुटणार,” मधुकरराव म्हणाले. “खालच्या जजला ती गप्प बसलेली दिसली. वरच्यांना ती खोटी पडलेली दिसेल.”

यमुताईंनी विणकराच्या घरातली गोष्ट सांगितली. खळीचं कापड पहिल्या धुण्यात मऊ पडतं, काठाची भोकं दोन धुण्यांत मिटतात. दोन वर्षं नेसलेलं लुगडं करकरत नाही. शिवाय विणकराची पोर नवं लुगडं नेसून सूत आणायला जात नाही. नवं विकायचं असतं, अंगावर जुनं.

मधुकररावांचा कप बशीवर वाजला. म्हणजे कुणीतरी फाटलेलं काढून घेऊन त्या जागी नवं ठेवलं. चंद्रभान? पंचनामा करणारा हवालदार? की किल्ल्या ज्याच्या ज्याच्या हातात गेल्या त्यातला आणखी कुणी? आणि कुणाच्या सांगण्यावरून, हे विचारायची गरजच नव्हती.

पाच वाजता यमुताई घरी निघाल्या. कोपऱ्यावर पानठेल्यापाशी एक माणूस पितळी घंटीच्या सायकलला टेकून संत्रं सोलत होता. त्यांनी त्याला फोटोतही कधी पाहिलं नव्हतं, तरी ओळखलं.

“ताई, कपाट पाह्यलं म्हणे आज,” ओमप्रकाश नम्रपणे म्हणाला. त्याने संत्र्याची एक फोड त्यांच्यापुढे धरली. “हात सांभाळा. टायपिंगवाल्याचं सारं हातातच असते.”

यमुताईंनी फोड घेतली नाही. पण चालताना त्यांनी दोन्ही हात पदराखाली घेतले, ते घरी पोहोचेपर्यंत बाहेर काढले नाहीत.

३

खोलीत काय पाहिलं हे तीनच माणसांना माहीत होतं, तरी त्याच संध्याकाळी ते ओमप्रकाशच्या कानावर गेलं होतं. त्यामुळे दुसऱ्या दिवशी, गुरुवारी, चंद्रभानवरचा संशय बळावला. मधुकररावांनी त्याला विचारलं तेव्हा तो आधी चिडला, मग कपाळावर हात मारून बसला. ओमप्रकाश रोज कॅन्टीनपाशी येतो, चहा पाजतो, आज काय काम झालं ते विचारतो. आपण बोललो असू, असं तो म्हणाला. बावीस वर्षांत त्याला चहा पाजून कामाचं विचारणारा हा पहिलाच माणूस होता.

चहाचा मिंधा होता, चोर होता का? गाठोड्यात हवालदाराचा पंचनामा होता. यमुताईंनी त्याची नक्कल काढली आणि लुगड्याचं वर्णन वाचलं: जांभळे, लाल काठ, पदराच्या टोकाशी दोन पिवळे धागे, कोठेही फाटलेले नाही.

त्या वाचता वाचता थांबल्या. कपाटातल्या लुगड्यालाही दोन पिवळे धागे होते, त्यांनी ते बोटाने मोजले होते. म्हणजे पंचनाम्याच्या दिवशीही हेच लुगडं होतं. कपाटात अदलाबदल झालीच नव्हती. चंद्रभान सुटला, पण कोडं मागे सरकून तीन वर्षांपूर्वीच्या त्या दुपारी जाऊन बसलं.

पंचनामा करणारा ताराचंद हवालदार आता निवृत्त होऊन इतवारीत सायकलीचं दुकान चालवत होता. यमुताई शुक्रवारी सकाळी तिथे गेल्या. दुकानात एक सायकल उलटी टांगलेली होती, हँडलला पितळी घंटी. ती घंटी त्यांनी परवाच पाहिली होती.

त्यांना पळून जावंसं वाटलं. पण तोवर ताराचंदने मान वर केली.

“पाहून राहिलात काय बाई? पंक्चर कोणाचंबी होते. मी काय आरोपी हाये का नाही ते विचारून टायर खोलू?”

त्याने स्टूल पुसून पुढे केलं, आणि यमुताईंनी त्या पंचनाम्याचं विचारलं. तो बराच वेळ बोलला, हात तेलात ठेवूनच. त्या दुपारी वर्दी लिहून घेतल्यावर शालिकराम ठाण्यातच बसून होता, हलायला तयार नव्हता. हवालदार दोन पंच घेऊन घरी गेला. ओट्यावरूनच आवाज दिला की पोरीच्या अंगावरचं लुगडं द्या. आत शिरला नाही. घरात दोघी बायाच होत्या, आणि पोरीच्या अंगावर आणखी एका पुरुषाची नजर नको असं त्याला वाटलं.

“दार जरासं उघडलं. हात आला, लुगडं आलं, दार लागलं. मी लिहून घेतलं.” त्याने चाक फिरवून पाहिलं. “तवा वाटलं होतं, मी चांगुलपणा केला.”

कुणाचा हात, ते त्याला सांगता आलं नाही. पण लुगडं कुठून आलं ते यमुताईंना कळलं. कारण दोन पिवळे धागे पोलिसांकडे नव्हते, डेपोतही नव्हते. विणकरांच्या प्रत्येक घराची पदराला एक खूण असते. त्यांच्या आईची एक हिरवा धागा होती. नवं लुगडं त्या घराच्याच मागावरून उतरलं होतं.

त्या बाहेर पडल्या तेव्हा समोरच्या फुटपाथवर ओमप्रकाश आपली सायकल घ्यायला येत होता. या वेळी तो काही बोलला नाही. फक्त हसला, आणि त्यांच्या हातांकडे पाहिलं.

४

घरात दोघी. एक हात. शुक्रवारी दुपारभर यमुताई गोपिकाची साक्ष पुन्हा वाचत बसल्या. त्यांचा जीव घाबरा झाला होता आणि घाबरलेल्या माणसाला अक्षरं फार स्वच्छ दिसतात, हे त्यांना पहिल्यांदाच कळलं.

मुलीने स्वतःच लुगडं बदललं असतं तर कोर्टात तिने ‘फाटलं’ म्हटलंच नसतं. ती पिंजऱ्यात फाटलेलं लुगडं बघायच्या तयारीने उभी राहिली होती. पुढ्यात अख्खं आलं. तिथे ती गप्प झाली. आणि त्या ओळीपुढे कंसात खालच्या जजने स्वतःच्या हाताने तीन शब्द लिहिले होते. टाइप करताना यमुताईंनी ते नुसते उतरवून घेतले होते, वाचले नव्हते.

साक्षीदार दाराकडे पाहते.

दाराकडे काय होतं? कोर्टात ज्याची साक्ष व्हायची असते त्याला बाहेर बसवतात. यमुताईंनी साक्षीदारांची यादी काढली. गोपिकानंतरचं नाव मैनाबाईचं होतं.

म्हणजे पोरीला तिथेच, त्या क्षणी समजलं होतं. आईने बदललं. खरं बोलावं तर आई गुन्हेगार, म्हणून ती गप्प राहिली. नंतर आई आत आली, आणि शपथेवर म्हणाली, हेच ते लुगडं.

मधुकररावांनी सगळं ऐकलं. सोमवारी वरच्या कोर्टात जादा पुरावा घ्या असा अर्ज करता येतो, ते म्हणाले, पण कोर्ट तो सहजासहजी घेत नाही. आणि पुरावा आहे कुठे? आईने ते फाटकं लुगडं त्याच दिवशी चुलीत घातलं असेल.

“चुलीत नाही,” यमुताई म्हणाल्या. “मागावरचं कापड आमच्यात चुलीत जात नाही. चिंधी झाली तरी नाही. ते सरणावर माणसासोबतच जळते.”

“मग कुठे?”

हे त्यांना माहीत नव्हतं. पण पाहायला जावं लागणार होतं, आणि ती गल्ली ओमप्रकाशची होती.

५

शनिवारी दुपारी गल्लीत सगळीकडे मागांचा खटखटाट होता. संक्रांत तोंडावर आली होती, लुगड्यांना मागणी होती. शालिकरामच्या घरात दोन माग होते आणि आवाज एकाचाच येत होता.

शालिकरामने यमुताईंकडे पाहिलं, नमस्कार केला आणि मागावर धोटा फेकत राहिला. गोपिका भिंतीशी बसून चरख्यावर कांड्या भरत होती. अंगाने वाळलेली, डोळे खाली. मैनाबाईने पाणी आणून दिलं. यमुताईंनी आपल्या आईबापाचं नाव सांगितलं, मग बायका बोलतात तसं बोलणं झालं. सूत महाग झालं, आमच्या आईचा हिरवा धागा, तुमचे दोन पिवळे.

पिवळ्या धाग्यांपाशी मैनाबाईचा हात तांब्यावरच राहिला.

दुसरा माग का बंद ठेवला, यमुताईंनी सहज विचारलं. विणकर ज्यात पाय सोडून बसतो तो मागाचा खड्डा फळ्या टाकून झाकलेला होता, वर शेणाने सारवलेलं, ताजं, गुळगुळीत. सणाच्या दिवसांत चालता माग कुणी पुरून ठेवत नाही. मैनाबाई म्हणाली, गुडघे दुखतेत, कोण बसणार. शालिकरामचा धोटा एक फेरा चुकला.

बाहेर सायकलची घंटी वाजली. एकदा. घरासमोरच थांबली.

चौघंही श्वास धरून बसली. यमुताईंना एकदम कळलं की या घरात तीन वर्षं रोज अशीच घंटी वाजत होती, आणि रोज अशीच माणसं बसून राहत होती. थोड्या वेळाने चाकं पुढे गेली.

“मैनाबाई,” यमुताई अगदी हळू म्हणाल्या. “माह्या आईनंबी कधी मागाचं कापड चुलीत घातलं नाही वं.”

मैनाबाई फळ्यांकडे पाहत राहिली. चरखा थांबला होता. गोपिका उठली, फळ्यांवरच्या सारवणावर जाऊन बसली आणि नखाने ते खरवडायला लागली. आईने तिचा हात धरला. पोरीने सोडवला नाही, आणि खरवडणंही थांबवलं नाही. शेवटी शालिकराम मागावरून उठला. त्याने सब्बल आणली आणि बायकोकडे न पाहता पहिली फळी उचकटली.

गोणपाटात गुंडाळलेलं, मातीत अर्धवट कुजलेलं जांभळं लुगडं खाली होतं. मऊ, नेसून नेसून विरलेलं. पदरापासून निऱ्यांपर्यंत फाटलेलं. काठाची भोकं कधीच मिटली होती.

६

रविवारी सकाळी धंतोलीच्या ऑफिसात मधुकररावांनी मैनाबाईला खुर्ची दिली. ती खुर्चीच्या कडेवर बसली, उठायच्या तयारीने. शालिकराम आणि गोपिका बाकावर होते. यमुताई टाइपरायटरपाशी. कागद चढवलेला.

मधुकररावांनी काही लपवलं नाही. ते म्हणाले, हे लुगडं उद्या मी कोर्टात नेईन. तिकडचा वकील म्हणेल, काल फाडून मातीत घातलं. म्हणून तुम्हाला सांगावं लागेल. तुम्ही शपथेवर दोनदा खोटं बोललात, एकदा हे लुगडं म्हणून, एकदा दोन दिवस माहीत नव्हतं म्हणून. त्यावर तुम्हालाच शिक्षा होऊ शकते. आणि एवढं करूनही कोर्ट ऐकेल याची मी खात्री देत नाही.

एक गोष्ट मात्र वरचं कोर्टही जमेस धरतं, ते म्हणाले. मुलीने घरी येताच आईला काही सांगितलं असेल, तर ते. तिचा तेव्हाचा शब्द. पण तुमच्या साक्षीत तो नाही.

मैनाबाई बोलायला लागली, तुकड्यातुकड्यांनी. हवालदार ओट्यावर उभा होता. दोन पंच गल्लीतलेच, तिच्या हाताखाली मोठे झालेले. पोरीचं तसलं लुगडं त्यांच्या हातात कसं द्यावं? ते पसरतील, पाहतील, वास घेतील. मागावरून त्याच सकाळी उतरलेलं एक तसंच लुगडं होतं. तेच दारातून दिलं. तिला वाटलं, कपडाच तर मागतात, कपडा दिला. त्या एका कपड्यावर पोरीचा शब्द तोलला जाईल, हे तिला कोर्टात गेल्यावर कळलं. तोवर उशीर झाला होता, आणि बोललं तर तुरुंग.

“अन् त्या दोन दिवसांचं?” मधुकररावांनी विचारलं.

“तसं झालं... म्हणजे ते... तो जो प्रकार...” मैनाबाई अडली. तिने नवऱ्याकडे पाहिलं. शालिकराम जमिनीकडे पाहत होता. यमुताईंची बोटं अक्षरांवर थांबून होती, आणि त्यांना ठाऊक होतं की आपणही त्याच शब्दाची वाट पाहत बसलोय, कारण तो टाइप करायची सवय झालीय.

खाली रस्त्यावर घंटी वाजली.

ओळखीची. एकदा, मग थांबून पुन्हा. ऑफिसच्या फाटकापाशी. बाकावर गोपिकाने दोन्ही हातांनी लाकूड घट्ट धरलं. यमुताई उठल्या, खिडकीपाशी गेल्या. तो खाली सायकलला टेकून वर पाहत होता. यमुताईंनी झडप ओढली.

“राहू द्या उघडी,” मैनाबाई म्हणाली.

यमुताई वळल्या. मैनाबाई खुर्चीवरून उठून उभी राहिली होती. घाबरलेलीच होती, ओठाला रंग नव्हता. ती गोपिकाकडे पाहत होती. गोपिकाने या तीन वर्षांत पहिल्यांदा मान वर करून आईकडे पाहिलं.

“बसा ताई, लिहा.”

यमुताई बसल्या. बोटं अक्षरांवर ठेवली.

“ओमप्रकाशनं माह्या पोरीवर बलात्कार केला,” मैनाबाई म्हणाली, खालीही ऐकू जाईल एवढ्या आवाजात. “तिनं घरी आल्याबरोबर मले सारं सांगतलं होतं. मीच म्हटलं, गप बैस.”